नावातली जमीन

आमच्या शाळेत कॅडेटच्या छातीवर नाव नसतं, आडनाव असतं. काळ्या पट्टीवर पांढरी अक्षरं, बस्स. शाळा महाराष्ट्राबाहेर असली तरी माझ्या हाऊसमध्ये जाधव तीन आहेत, त्यामुळे रोलकॉलला मी ‘जाधव टू’. ड्रिलचे उस्ताद तर नुसतंच ‘टू’ म्हणतात आणि मी एक पाऊल पुढे येते. ‘अवनी’ ही हाक येते ती रविवारी, फोनवर, आईची. बाकी सहा दिवस माझं नाव ट्रंकेत घडी घालून ठेवलेल्या घरच्या कपड्यांसारखं पडून असतं. वापर नाही म्हणून खराबही होत नाही.

ते बाहेर काढावं लागलं संस्कृत सप्ताहात. संस्कृतच्या सरांनी फर्मान काढलं की प्रत्येकानं आपल्या नावाचा अर्थ दोन मिनिटांत उभं राहून सांगायचा. मोबाइलवर सापडलेला अर्थ चालणार नाही, लायब्ररीतला कोश उघडायचा. वामन शिवराम आपट्यांचा १८९० सालचा संस्कृत-इंग्रजी कोश आमच्या लायब्ररीत आहे, नव्या आवृत्तीत. त्याच्यासमोर पहिल्यांदाच रांग लागलेली मी पाहिली. अर्जुन, विक्रम, आदित्य ही मंडळी पाच मिनिटांत मोकळी झाली. कियारा नावाच्या एका ज्युनियरला मात्र कोशात काहीच मिळेना. ती रडवेली झाली, तेव्हा सरांनी तिला आडनावाचा अर्थ शोधायला लावलं.

माझं काम सोपं होतं. घरातल्या नावांच्या पुस्तकात लिहिलं आहे, कोशातही तेच निघालं : अवनी, पृथ्वी. मी उभी राहिले, म्हणाले, “सर, अवनी म्हणजे पृथ्वी,” आणि खाली बसायला लागले. सर म्हणाले, “कोणती पृथ्वी?”

वर्गात हशा पिकला. पण सर थट्टा करत नव्हते. त्यांनी फळ्यावर अमरकोशातली पृथ्वीची नावं लिहायला घेतली आणि फळा अर्धा भरला. अचला म्हणजे न हलणारी. विश्वंभरा, सगळ्यांना पोसणारी. वसुंधरा, पोटात धन बाळगणारी. धरित्री, धरून ठेवणारी. उर्वी आणि पृथ्वी, दोन्हींचा अर्थ ऐसपैस पसरलेली. काश्यपी म्हणजे कश्यपाची. सर्वंसहा, सगळं सोसणारी. सर म्हणाले, “ही एकाच बाईची वेगवेगळी नावं आहेत असं समजू नका. या तिच्या ड्यूट्या आहेत. कधी ती गार्ड ड्यूटीवर असते, कधी मेस ड्यूटीवर. तू कोणत्या ड्यूटीवर आहेस ते सांग.”

मला हा प्रश्न मनापासून आवडला. त्याला कारण आहे. मुलीचं नाव पृथ्वीवरून ठेवलं की बहुतेक लोकांच्या मनात एकच ड्यूटी असते, सर्वंसहा. पृथ्वीसारखी सोशिक हो, नांगर फिरला तरी ब्र काढू नको. गावाकडच्या एका कार्यक्रमात एका पाहुण्यांनी माझं नाव विचारलं आणि लगेच माझ्या डोक्यावर हात ठेवून हाच उपदेश केला. मी तेव्हा सातवीत होते. नुकतीच ऑब्स्टॅकल कोर्सवरच्या भिंतीवरून दोनदा पडून तिसऱ्यांदा चढले होते आणि सोसण्याबद्दल मला कुणी शिकवावं अशी परिस्थिती नव्हती.

तर, अवनी कोणत्या ड्यूटीवर आहे? सरांनी मला शब्दाचं मूळ शोधायला पाठवलं. ‘अवनि’ हा शब्द ‘अव्’ या धातूपासून येतो. ऱ्हस्व ‘नि’ आणि दीर्घ ‘नी’ दोन्ही रूपं संस्कृतात चालतात, त्यामुळे माझ्या हिंदी भाषक मैत्रिणी ‘अवनि’ लिहितात तेही चूक नाही. ‘अव्’ला जसा ‘अनि’ हा प्रत्यय लागून अवनि झाली, तसाच तो दुसऱ्या धातूंना लागून धरणि, सरणि, तरणि हे शब्द झाले. यज्ञात घासून अग्नी पाडतात ती लाकडाची अरणि, इंद्राचं वज्र म्हणजे अशनि, आणि आपल्या अंगातली धमनी, ही सगळी त्याच घरची. जीवशास्त्राच्या पुस्तकात धमनीचं चित्र पाहिलं की आता मला चुलत बहीण भेटल्यासारखं वाटतं.

‘अव्’चा अर्थ पाहायला गेले तर सरांनी धातुपाठ समोर ठेवला. या एका धातूला तिथे एकोणीस अर्थ दिले आहेत. चालणं, चमकणं, आवडणं, समजणं, ऐकणं, मिठी मारणं, देणं, वाढणं, असं काय काय. पण यादीत सगळ्यात पहिला शब्द आहे रक्षण. अवन म्हणजे रक्षण, म्हणून अवनी म्हणजे राखणारी. सोसणारी नाही. मी हे वर्गात वाचून दाखवलं तेव्हा मागच्या बाकावरच्या एकानं यादी नीट वाचून हात वर केला, “सर, यात हिंसा पण आहे!” खरंच आहे. सर म्हणाले, “आहे ना. पण रक्षण पहिलं आहे आणि हिंसा सोळावी आहे. फौजेत जाणार असाल तर हा क्रम पाठ करून ठेवा.”

याहून जुनी पायरी वेदांची. वेदातल्या शब्दांची निघंटु नावाची एक प्राचीन यादी आहे, यास्कानं आपलं निरुक्त तिच्यावरच लिहिलं. त्या यादीत पृथ्वीची एकवीस नावं आहेत आणि त्यांत अवनि आहे. पण हाच शब्द पुढे नद्यांच्या नावांतही येतो आणि, हे मला सगळ्यात गमतीचं वाटलं, बोटांच्या नावांतही. ऋग्वेदात अवनि म्हणजे नदीचं पात्र, पाणी जिथून वाहतं ती वाट. पृथ्वी, नदी आणि बोटं यांचा एकमेकांशी संबंध काय, यावर आमच्या डॉर्ममध्ये दोन दिवस वाद चालला. माझं मत असं की हाताची बोटं पसरून बघावीत. कृष्णेला वरून येऊन मिळणाऱ्या ओढ्यांसारखी ती दिसतात. हा माझा अंदाज, तो कोशात नाही.

एवढं सगळं झाल्यावर नाव चिडवण्याच्या कामी आलं नसतं तर ती शाळा कसली? मेसमध्ये कुणाला तरी ‘अव्हन’ सुचलं आणि आठवडाभर मला ब्रेड भाजून मागत होते. परीक्षेत मार्क कमी पडले की मी ‘अवनती’. त्या पोरांसाठी इथे नोंदवून ठेवते की अवनतीमधला ‘अव’ हा खाली या अर्थाचा उपसर्ग आहे आणि पुढे नति, म्हणजे वाकणं. माझा ‘अव्’ धातू आहे. दोघांची ओळखसुद्धा नाही.

माझ्या शेजारच्या कॉटवरची मैत्रीण तमिळ आहे. ती म्हणाली, आमच्याकडे आवणि नावाचा महिना असतो, ऑगस्टच्या मध्यापासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंत, तेव्हा ‘आवणि अविट्टम’ला माझे आजोबा जानवं बदलतात. तो ‘आ’ दीर्घ आणि ‘ण’ मूर्धन्य, म्हणजे वेगळा शब्द. पण तमिळमध्ये ‘अवनि’ही आहे, संस्कृतातून गेलेला, आणि अर्थ पृथ्वीच. इतिहासाच्या मॅडमनी त्यात भर घातली की पल्लव राजा सिंहविष्णूची पदवी ‘अवनिसिंह’ होती, पृथ्वीवरचा सिंह. आपल्या ठाणे-पालघरकडे भाताची रोपं लावण्याला ‘आवणी’ म्हणतात, तो शब्द पुन्हा निराळाच, पण चिखलात उभं राहिल्याशिवाय तोही होत नाही. तुर्कस्तानात तर ‘अवनी’ पुरुषाचं नाव असतं. १४५३ साली इस्तंबूल जिंकणारा सुलतान दुसरा मेहमद ‘अवनी’ या टोपणनावानं कविता लिहायचा. ते नाव अरबी ‘औन’वरून, अर्थ मदत. दोन भाषा एकमेकींना न विचारता राखणं आणि मदत करणं इतक्या जवळ येऊन थांबल्या, याचं मला अजून आश्चर्य वाटतं.

अवनिसिंह ऐकल्यावर मी अवनीपासून झालेली जुनी नावं गोळा करायला लागले आणि एक गोष्ट लक्षात आली. अवनीश, अवनीपती, अवनिपाल, अवनींद्र. चित्रकार अवनींद्रनाथ टागोर यांचं नाव आपण पाठ्यपुस्तकात वाचतो. बंगालीत ‘अवनी’ हे नुसतं नावही पुरुषाचंच असतं, उच्चार ‘अबनी’. म्हणजे शेकडो वर्षं हा शब्द नावात आला तो मालकासाठी. अवनी ही जमीन, आणि माणूस तिचा पती, पाल, ईश. बाईच्या वाट्याला आलं तर ‘अवनिजा’ किंवा ‘अवनिसुता’, म्हणजे सीता, जमिनीची मुलगी, आणि तिचा शेवट कुठे झाला ते सगळ्यांना माहीत आहे. आमच्या आजीच्या पिढीत अवनी नावाची बाई गावात एकही नाही. वसुधा शहरात असायच्या, वसुंधरा एखादी. मालक, पती, ईश हे सगळे बाजूला सारून नुसती अवनी मुलीचं नाव झाली ती अलीकडे, माझ्या आईच्या आणि माझ्या पिढीत. आता आमच्या शाळेतच दोघी आहेत.

हे मी वर्गात सांगितलं नाही, कारण दोन मिनिटं कधीच संपली होती. आणि खरं सांगायचं तर त्या वेळी मला पती आणि पाल आठवत नव्हते, माझी आत्या आठवत होती.

माझा जन्म झाला तेव्हा पप्पा ईशान्येकडे पोस्टिंगवर होते. सुट्टी मिळेना, म्हणून बारसं बाराव्या दिवसाऐवजी सव्वा महिन्यानं झालं. भटजींनी कृत्तिकेचा पहिला चरण सांगितला होता, अक्षर ‘अ’. आईनं सातारच्या एस. टी. स्टँडवरून नावांचं पुस्तक आणलं. अर्चना, अश्विनी, अंजली ही नावं तिच्या वर्गमैत्रिणींची होती, ती तिनं खोडली. अवनीखाली रेघ मारली आणि पप्पांना फोनवर विचारलं. लाइन खरखरत होती. पप्पांना ‘अवनी’ ऐवजी ‘छावणी’ ऐकू आलं आणि ते म्हणाले, छावणीतच आहे, बोल. हा किस्सा आमच्याकडे दर दिवाळीला सांगितला जातो.

आपल्याकडे बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. मला आत्या चार. त्यातल्या चौथीला पप्पांनी पुढे बोलावलं. आजीच्या नात्यातल्या काही बायका कुजबुजल्या की थोरलीला बोलवा, हिच्या तोंडून नको. पप्पा म्हणाले, “हीच सांगंल.” कारण कुजबुजीचं होतं तिचं नाव. माझ्या चौथ्या आत्याचं नाव नकुसा आहे.

मराठी वाचकांना हे नाव समजावून सांगावं लागणार नाही. नकुसा, नकुशी, नकोशी. मुलगी नको होती, तरी झाली. पाठोपाठ मुली झाल्या की शेवटच्या मुलीचं नाव हे ठेवायचं, म्हणजे देवाला कळतं आणि पुढच्या वेळी मुलगा होतो. धोंडू, दगडू ही नावंही आपल्याकडे आहेत, पण ती निराळ्या जातीची. आधीची मुलं जगली नाहीत म्हणून याचं नाव वाईट ठेवू, कुणाची दृष्ट लागणार नाही. तिथे नाव वाकडं असलं तरी माया त्या मुलावरच असते. नकुसा या नावात त्या मुलीसाठी काहीच नसतं. तो तिच्या पाठीवर चिकटवलेला दुसऱ्यासाठीचा अर्ज असतो. आमच्या घरात तो अर्ज मंजूर झाला असं सगळे मानतात, कारण नकुसा आत्याच्या पाठीवर दोन वर्षांनी पप्पा झाले.

आणि पप्पांना वाढवलं कुणी? तिनंच. आजी रानात, थोरल्या तिघी लग्न होऊन गेलेल्या किंवा जाण्याच्या बेतात. काखेत भाऊ घेऊन ती शाळेच्या दारात उभी राहायची आणि बाहेरून पाढे ऐकायची. तिला बाराचा पाढा अजून पाठ आहे. तिच्या लग्नात सासरच्यांनी रीतीप्रमाणे ताटात तांदूळ पसरून अंगठीनं नवं नाव लिहिलं होतं. पण ते नाव त्या तांदळाबरोबर भाताच्या पातेल्यात गेलं. कुणी एकदाही त्या नावानं हाक मारली नाही.

तर त्या आत्यानं मला पाळण्याच्या खालून-वरून घेतलं, कानाशी तोंड नेऊन कुर्रर्र केलं, बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले आणि माझं नाव पडलं. घुगऱ्या वाटताना तिनं पप्पांना विचारलं, “बापू, ह्या नावाचा अर्थ काय रं?” पप्पा म्हणाले, “जमीन.” आत्या म्हणाली, “बरं झालं. बाईच्या नावावर कवा जमीन नसती. ही पोर नावातच घिऊन आली.”

मी वर्षाची होते तेव्हा, २२ ऑक्टोबर २०११ ला, सातारा जिल्हा परिषदेनं नकुसा नावाच्या मुलींचा मोठा नामकरण समारंभ केला. २८५ मुलींना नवी नावं मिळाली. मुलींनी आपापली नावं स्वतः निवडली, कुणी नटीचं, कुणी देवीचं, कुणी नुसतंच छान वाटलं म्हणून. शाळेच्या दाखल्यावर बदल झाले. परदेशी वर्तमानपत्रांतही बातमी आली. एका जिल्ह्यात २८५, तेही फक्त शाळकरी वयाच्या. आत्याच्या वयाच्या बाया कुणी मोजल्या नव्हत्या. त्यांच्याकडे बदलायला शाळेचा दाखलाच नव्हता.

संस्कृत सप्ताह संपला त्या रात्री लाइट्स आउटनंतर मी डॉर्ममध्ये आत्याबद्दल बोलले. हळू आवाजात, कारण मेट्रनचा राउंड व्हायचा होता. मला वाटलं होतं की हे आमच्याकडचंच आहे, सातारकडचं, आणि बाकीच्यांना समजावून सांगावं लागेल. थोडा वेळ शांतता होती. मग खिडकीजवळच्या कॉटवरून हरियाणाची मुलगी म्हणाली, “माझ्या मावशीचं नाव भतेरी.” भतेरी म्हणजे पुष्कळ झाल्या. राजस्थानची म्हणाली, त्यांच्या ढाणीत धापू आहेत, धापू म्हणजे पोट भरलं आता. माझी तमिळ मैत्रीण सगळ्यात शेवटी बोलली. तिच्या आईच्या गावात पोदुम्पोण्णु नावाची बाई आहे. पोदुम् म्हणजे पुरे, पोण्णु म्हणजे पोरगी. काही गावांत तर ‘वेंडाम’ असंच नाव ठेवतात, म्हणजे नको. अगदी आमची नकुसाच, फक्त तमिळमध्ये. राष्ट्रीय एकात्मतेवर आम्ही दर वर्षी निबंध लिहितो. त्या रात्रीची एकात्मता त्यात घालावी की नाही, मला अजून ठरवता आलेलं नाही.

पण आत्याला या सगळ्याचं फार काही वाटत नाही, किंवा वाटत असलं तरी ती दाखवत नाही. तिचं लक्ष माझ्या नावावर जास्त. १८ जून २०१६ ला अवनी चतुर्वेदी, भावना कांत आणि मोहना सिंग या तिघी वायुदलाच्या पहिल्या महिला फायटर पायलट म्हणून कमिशन झाल्या. पुढे १९ फेब्रुवारी २०१८ ला अवनी चतुर्वेदी यांनी जामनगरहून मिग-२१ बायसन एकटीनं उडवलं. एकटीनं फायटर उडवणारी ती पहिली भारतीय महिला. पप्पांनी फोनवर आत्याला हे सांगितलं तर तिचा पहिला प्रश्न, “जमीन वर कशी गेली?” त्याच वर्षी, २ नोव्हेंबरला, यवतमाळ जिल्ह्यात टी-१ वाघिणीला गोळी घातली. लोक तिला अवनी म्हणत होते. टीव्हीवर दिवसभर माझं नाव आणि गोळी हे शब्द एकत्र ऐकून आत्यानं आमच्या घरी फोन केला आणि मी जेवले का, एवढंच विचारलं. २०२१ मध्ये टोकियोच्या पॅरालिम्पिकमध्ये अवनी लेखरा यांनी दहा मीटर एअर रायफलमध्ये सुवर्णपदक मिळवलं. पॅरालिम्पिक सुवर्ण मिळवणारी पहिली भारतीय महिला. पॅरिसला २०२४ मध्ये त्यांनी ते परत मिळवलं. तेव्हा आत्या म्हणाली, “तुझ्या नावाच्या सगळ्या पोरी बंदुकीपाशीच कशा?” माझ्याकडे उत्तर तयार होतं, अव्, रक्षणे. पण मी ते दिलं नाही. फोनचा वेळ संपला होता.

आता जमिनीचं. मी पाचवीत असताना आजोबा गेले. तलाठ्याकडे वारसनोंद झाली आणि सातबाऱ्यावर आजीचं, पप्पांचं आणि चारही आत्यांची नावं लागली. यानंतर काय होतं ते गावाकडच्या वाचकांना ठाऊक आहे. बहिणी हक्कसोडपत्रावर सह्या करतात, भाऊ साडीचोळी करतो, आणि सातबाऱ्यावर बहिणींच्या नावांना कंस पडतो. कंसातलं नाव म्हणजे होतं, आता नाही. थोरल्या तिघींनी सह्या केल्या. कुणी जबरदस्ती केली नाही, कुणी विचारलंही नाही, गाडी आली आणि त्या बसल्या. नकुसा आत्या आलीच नाही.

भावकीत चर्चा झाली. भाऊ फौजेत, त्याच्या जिवावर टपलेल्या शत्रूपेक्षा ही बहीण वाईट, इथपर्यंत लोक बोलले. पप्पा सुट्टीवर होते. ते दोन दिवस घरात कुणाशी बोलले नाहीत. त्यांना राग आला होता की नव्हता, हे मी आजवर विचारलेलं नाही. तिसऱ्या दिवशी ते एकटेच आत्याकडे जाऊन आले आणि आईला म्हणाले, “तिचा हिस्सा तिच्याकडं राहू दे.” एवढंच. तिच्या वाट्याला बावीस गुंठे आले. ती भुईमूग करते, नंतर हरभरा.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी आत्याकडे राहायला गेले. डोक्यात संस्कृत सप्ताह ताजा होता, डॉर्ममधली ती रात्रही. मी सगळी माहिती काढून नेली होती. नाव बदलणं आता अवघड नाही, प्रतिज्ञापत्र करायचं, शासनाच्या राजपत्रात जाहिरात द्यायची, मग आधार, रेशनकार्ड, बँक सगळीकडे ते लावून घ्यायचं. पप्पा फॉर्म भरून द्यायला तयार होते. मी तिच्यासाठी चार नावंही निवडली होती. चुलीपुढं बसून मी तिला ती वाचून दाखवली. तिनं सगळी नीट ऐकली. तिसरं तिला आवडलंसुद्धा, दोनदा म्हणून पाहिलं.

मग उठली आणि कपाटातून प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवलेला सातबारा घेऊन आली. “वाच,” म्हणाली.

मी वाचला. गट नंबर, क्षेत्र, आकार. आजीचं नाव, पप्पांचं नाव, तीन आत्यांची नावं कंसात. आणि खाली कंस न पडलेलं नकुसा.

“व्हय ना?” आत्या म्हणाली. “तलाठी म्हणाला हुता, मावशी, हे नाव असंच लिहू का? म्या म्हणलं, असंच लिव्ह. आगं, जी नको हुती तिच्या नावावर जमीन हाय. दर साली उतारा काढायला जाती, तवा त्या कचेरीत मोठ्यानं वाचत्यात. वाचू दे की. आता नाव बदलून कुणाची अडचण दूर करू?”

मी म्हणाले की राजपत्र झालं की सातबाऱ्यावरही नवं नाव लावता येतं, जमीन कुठे जात नाही. ते तिला माहीत होतं. तिनं माझ्या हातातला कागद घेतला, घडीवर घडी बसवून पिशवीत घातला आणि मला म्हणाली, “तुझं तू सांग. तुझ्या त्या मास्तरांनी काय अर्थ सांगितला?”

मी तिला अव् सांगितला, एकोणीस अर्थ, रक्षण पहिला. नदी आणि बोटं सांगितली. तिनं स्वतःची बोटं चुलीच्या उजेडात धरून पाहिली. भुईमूग उपटून उपटून त्यांच्या टोकांना माती बसली आहे, ती धुतली तरी जात नाही.

“राखणारी,” ती म्हणाली. “बरं हाय. मग सकाळी लवकर ऊठ. शेंगा उपटायच्यात, आन रानडुकरं यायच्या आत.”

पहाटे साडेपाचला तिनं मला हलवलं. शाळेत फॉल-इन सहाला असतो.